चेहरा दाखवायचा, लिहा

मास्तरीणबाईंची आणि माझी पहिली भेट झाली त्या दिवशी समोरच्या छपरावरची कबुतरं जी उडाली, ती तीन दिवस परत आली नाहीत. सलूनमधल्या न्हाव्याचा वस्तरा गिऱ्हाइकाच्या गालावर जिथल्या तिथे थांबला. तिसऱ्या मजल्यावरच्या निवृत्त न्यायाधीशांना कानाला यंत्र लावूनही बायकोचं बोलणं कधी ऐकू यायचं नाही, पण त्या दिवशी त्यांनी खिडकी उघडून खाली विचारलं, "किती म्हणालात? बेचाळीस?"

बेचाळीस ही माझी कंबर होती.

मी गेलो होतो कोट शिवायला. वाचनालयात मला पंचवीस वर्षं झाली म्हणून समितीनं माझा सत्कार ठरवला होता, आणि सत्काराला कोट लागतो असं आमच्या घरातून जाहीर झालं होतं. पंचवीस वर्षं 'शांतता राखा' या पाटीखाली बसलेला माणूस मी. इतका हळू बोलायचो की घरी जेवायला बसलोय हे कोणाला कळायचं नाही. असा मी त्या दुकानात शिरलो आणि पुटपुटलो, "कोट शिवायचाय, जरा सैलसर." मास्तरीणबाईंनी मला खालपासून वर पाहिलं, गळ्यातली टेप काढली आणि माझ्याभोवती अशी फिरवली की मला क्षणभर वाटलं, आता गाठ मारून कुठल्यातरी गाडीवर चढवणार.

"श्वास सोडा," त्या म्हणाल्या.

"सोडलाय."

"धरून ठेवलाय. मला घाई नाही, सावकाश सोडा."

मी सोडला. तो बाहेर पडता पडता माझी सगळी अब्रू घेऊन गेला.

"कंबर बेचाळीस," त्या दुकानाच्या मागच्या बाजूला ओरडल्या. "आणि पोट वेगळं लिहा. ते कंबरेत धरता येत नाही."

संध्याकाळी माझ्या मेहुणीचा परगावाहून फोन आला. तिनं तब्येत विचारली, तीही अशा आवाजात की जणू डॉक्टरांनी हात टेकलेत.

यात मास्तरीणबाईंचा दुष्टपणा काही नव्हता. शिंप्याला सगळे मास्तर म्हणतात, म्हणून या मास्तरीणबाई. दुकान दहा बाय बारा फुटांचं, आणि भिंतीला भिंत लागून पिठाची गिरणी. गिरणी सुरू झाली की स्वतःच्या मनातलंही ऐकू येत नसे. मास्तरीणबाई पुढे उजेडात माप घ्यायच्या आणि त्यांचे यजमान मागच्या कोपऱ्यात टेबलाशी बसून मापाच्या वहीत लिहायचे. त्यांना अख्खी गल्ली वहीवाले म्हणायची. त्या ओरडणार, हे लिहिणार, असं बावीस वर्षं चाललं होतं. वहीवाल्यांनी कधी "काय?" असं परत विचारलं नाही आणि त्यांचा एक आकडा कधी चुकला नाही. अक्षर तर असं, की माझ्या पोटाचं मापसुद्धा त्यांच्या हातून लग्नपत्रिकेसारखं उतरायचं.

"तुम्ही जरा हळू नाही का सांगू शकत?" असं एकदा न्यायाधीशांच्या सौभाग्यवतींनी विचारलं होतं.

"माप लपवायचं असेल तर तयार कपडे घ्या," मास्तरीणबाई म्हणाल्या. "माझ्याकडे कुजबुजून कपडा बेतत नाहीत."

बाई परत आल्या नाहीत. चार महिन्यांनी आल्या. तयार कपड्यात त्या मावल्या नव्हत्या.

हे सगळं मी हसत सांगतोय खरा. पण पुढचं सांगताना माझं डोकं फिरतं, ते आत्ताच सांगून ठेवतो.

कोट सुरेख झाला. सत्काराच्या दिवशी अध्यक्षांचं भाषण लांबलं तेव्हा मी व्यासपीठावर बसून कोट चाचपत होतो, आणि आतल्या बाजूला, डाव्या शिवणीत, बोटांना एक खिसा लागला. मी न सांगितलेला, बाहेरून न दिसणारा आणि एवढासा, की त्यात बसचं तिकीट मावेल, फार तर एक बटण. दुसऱ्या दिवशी मी तो दाखवायला दुकानात गेलो.

"तो सगळ्यांनाच असतो," मास्तरीणबाई म्हणाल्या. "गल्लीत कोणालाही विचारा."

"पण कशासाठी?"

त्यांच्या तोंडात टाचण्या होत्या. उत्तर येईना म्हणून माझी नजर भिंतीवर गेली. तिथे काचेच्या चौकटीत एक प्रमाणपत्र होतं. 'उच्च शिवणकला अभ्यासक्रम. मुदत सात महिने. श्रेणी उत्तम.' खाली प्राचार्यांची झोकदार सही. मी पंचवीस वर्षं कागदच पाहत आलेला माणूस. त्या अक्षरांच्या शेपटीला जी गोल गाठ होती, तीच गाठ मापाच्या वहीत माझ्या बेचाळीसच्या शेपटीला होती.

"संस्था कुठली हो ही?" मी विचारलं.

मागच्या टेबलाशी वहीवाले खोकले.

मास्तरीणबाईंनी तोंडातल्या टाचण्या एकेक करून काढल्या आणि मनगटावरच्या गादीत टोचल्या. मग म्हणाल्या, "वेड्यांचं इस्पितळ."

"अगं, हळू," वहीवाले म्हणाले.

"का? गिरणी चालू आहे."

मुलगी झाली तेव्हाची गोष्ट. बाळंतपणानंतर त्यांची झोप गेली, ती गेलीच. एकोणीस दिवस डोळ्याला डोळा नाही. मग त्यांची खात्री पटली की पाळण्यातली मुलगी आपली नाही, कोणीतरी बदलली आहे. एक दिवस त्या खरी मुलगी शोधायला अनवाणी निघाल्या आणि तीन घरांत शिरून तीन पाळणे पाहून आल्या. चौथ्या घरात लोकांनी धरलं. सात महिने इस्पितळात होत्या. वहीवाल्यांनी शेजाऱ्यापाजाऱ्यांना, पाहुण्यांना, सख्ख्या भावालासुद्धा एकच सांगितलं, शिवणाच्या कोर्सला गेली आहे. थापेला पुरावा हवा म्हणून त्यांनी सावकाश बसून ते प्रमाणपत्र लिहिलं. प्राचार्यही तेच.

"आणि गंमत बघा," मास्तरीणबाई म्हणाल्या, "शिवण मी खरंच तिथेच शिकले."

त्यांना शिकवलं शेजारच्या कॉटवरच्या बाईनं. वॉर्डात नावं नव्हती, कॉटचे नंबर होते. मास्तरीणबाई बारा नंबर, ती अकरा नंबर. अकरा नंबर बरी होऊन चार वर्षं झाली होती, पण न्यायला कोणी आलं नव्हतं, म्हणून ती इस्पितळाच्या शिवणखोलीत पेशंटांचे गाऊन शिवायची. गाऊनला बटण नाही, खिसा नाही, पाठीमागे नाड्या, असा नियम होता. अकरा नंबर प्रत्येक गाऊनला आतून, डाव्या शिवणीत, चोरखिसा ठेवायची. का, तर माणसाकडे निदान एक तरी जागा स्वतःची असावी. बारा नंबरनं त्या खिशात आपल्या मुलीच्या टोपड्याचं एक बटण ठेवलं होतं. हात घालून ते चाचपता चाचपता एक दिवस तिला पटलं की मुलगी आपलीच आहे.

"घरी निघाले तेव्हा तिला म्हटलं, महिन्याभरात येते तुला न्यायला. ती म्हणाली, सगळे असंच म्हणतात. मी म्हटलं, मी सगळी नाही, मी बारा नंबर आहे."

जायला वर्ष लागलं. मुलगी तान्ही होती, आणि घरातले "परत तिकडे कशाला" म्हणायचे. गेल्या तेव्हा जुना वॉर्ड पाडला होता आणि पेशंट गावोगावच्या संस्थांत पाठवले होते. खिडकीतल्या माणसानं विचारलं, नातं काय? यांनी सांगितलं, शेजारची कॉट. तो म्हणाला, हे नातं नाही. त्या आणखी दोनदा गेल्या. दोन्ही वेळा खिडकीत माणूस नवा होता, पण प्रश्न तोच.

"तिचं नाव नव्हतं का माहीत?"

"होतं. पण तिथल्या कागदावर दुसरंच होतं. आणलं तेव्हा घरच्यांनी खोटं नाव लिहून दिलं होतं." आणि त्यांनी मागच्या टेबलाकडे पाहिलं. "ही लिहिणारी माणसं."

त्या दिवसापासून चोरखिसा चाचपल्याशिवाय मी तो कोट घातला नाही.

पुढच्या वर्षी वाचनालयाच्या फलकावर एक कागद लागला. मानसिक आजारातून गेलेल्या माणसांवर एक माहितीपट काढायचा होता, स्वतःचा अनुभव सांगायला तयार असलेल्यांनी भेटावं. माहितीपट देशभर फिरणार होता आणि इस्पितळांत, संस्थांतही दाखवणार होते. शेवटचं वाक्य वाचून मी तो कागद फलकावरून काढला, घडी घातली आणि भर दुपारी दुकान गाठलं. इतक्या वर्षांत फलकावरचं काही काढल्याचा हा माझा पहिला गुन्हा.

मास्तरीणबाईंनी दोनदा वाचलं. "म्हणजे ती जिथे कुठे असेल तिथे हे दिसेल?"

"दिसेल."

"तर मग चेहरा दिसला पाहिजे. माझं नाव तिला आठवेल न आठवेल. हा चेहरा ती सात महिने शेजारी बघत होती. तो ती विसरायची नाही."

त्यांनी मुलीला फोन केला. मुलगी लग्न होऊन दुसऱ्या गावी असते. तिनं तिकडून सांगितलं, "आई, दाखव बिनधास्त. माझ्या घरी सगळ्यांना माहीत आहे." वहीवाले मागे पेन्सिलीला टोक काढत होते.

आठवड्यानं माहितीपटवाली आली. वयानं माझ्या भाचीएवढी असेल. तिला मी मनात हळूबाई नाव ठेवलं. तिची मान सतत डावीकडे कललेली आणि बोलणं असं, जसं काही आपण सगळे एखाद्या पाळण्याभोवती उभे आहोत. कोणी आजाराचं नाव काढलं की ती डोळे मिटायची. 'वेडी' हा शब्द मास्तरीणबाईंनी पहिल्या तासात अकरा वेळा उच्चारला, आणि अकराही वेळा ही अशी कळवळली की कॅमेरावाल्यानं तिला पाणी दिलं.

दोन दिवस शूटिंग झालं. आधी तिनं गिरणी बंद करवली. मग दिवे मंद केले. मग मास्तरीणबाईंना खिडकीशी बसवून म्हणाली, "नुसतं बाहेर बघा. दूरवर."

"बाहेर न्हावी आहे," मास्तरीणबाई म्हणाल्या.

"तरी बघा ना. आणि ते दिवस आठवा."

"आठवायला मी ते विसरले कधी? तुम्ही प्रश्न विचारा, मी उत्तर देते. न्हाव्याकडे बघत कशाला बसू? त्याला वाटेल, उधारी मागतेय."

हळूबाईला रडणं हवं होतं. तिनं ते चार बाजूंनी मागून पाहिलं. शेवटी मास्तरीणबाईंनीच वैतागून टेप उचलली आणि कॅमेरावाल्याचं माप घेतलं. "खांदा अठरा," त्या ओरडल्या, "डावा एक इंच खाली, यंत्र उचलून." मागून पेन्सिलीचा आवाज आला. सवयच ती.

दुसऱ्या दिवशी दुपारी संमतीचा फॉर्म निघाला. पानं ढीगभर. मास्तरीणबाई दिव्याखाली होत्या, पदराला टाचण्या, हातात आस्तर. त्यांनी सहीसाठी हात पुढे केला, तर हळूबाई आणखी हळू झाली. म्हणाली, "तुमची तर घेऊच. पण नियम असा आहे की पूर्वी आजार झालेला असेल तर जबाबदार नातेवाइकानं फॉर्म भरून सही करायची."

"जबाबदार म्हणजे?"

"म्हणजे... तुमचे मिस्टर."

मी मास्तरीणबाईंच्या चेहऱ्याकडे पाहिलं. बावीस वर्षं ज्या बाईच्या हातात अख्ख्या गल्लीचे गळे आणि कंबरा होत्या, जिच्या कात्रीखाली न्यायाधीश श्वास रोखून उभे राहायचे, तिच्या सहीला आधार म्हणून तिचा नवरा लागणार होता. आणि हे कोण सांगत होतं? जिला जगाला दाखवून द्यायचं होतं की ही माणसं आपल्यासारखीच असतात, ती. माझ्या अंगाचा तिळपापड झाला. मास्तरीणबाईंचाही झाला असणार, पण त्यांना अकरा नंबर हवी होती. त्यांनी तो राग टाचण्यांसारखा तोंडात धरला.

"अहो," त्या मागे वळून म्हणाल्या, "अटींच्या रकान्यात लिहा. चेहरा दाखवायचा. आवाज माझाच ठेवायचा. आणि बारा नंबर हे सांगितलंच पाहिजे. लिहिलंत?"

"लिहिलं," वहीवाले म्हणाले.

हे मी माझ्या कानांनी ऐकलं. हळूबाईनंही ऐकलं. ती टेबलाशीच उभी होती.

चार महिन्यांनी माहितीपट तयार झाला आणि पहिला खेळ आमच्याच वाचनालयाच्या सभागृहात संध्याकाळी सहाला ठरला. सत्तर खुर्च्या भरल्या. मास्तरीणबाईंनी स्वतःसाठी नवा कोट शिवला होता, गर्द निळा. त्यांनी गल्लीतल्या प्रत्येकाला जाऊन सांगितलं होतं, मी वेड्यांच्या इस्पितळात होते, त्याचा सिनेमा आहे, या. लोक आले. न्यायाधीश यंत्र लावून आले.

दिवे गेले. पडद्यावर आधी समुद्र आला. आमचा त्याच्याशी काय संबंध, कळलं नाही. मग दुकान आलं, टेबल आलं, मशिन आलं, आणि मशिनमागे एक डाग आला.

डाग म्हणजे डागच. मान, खांदे, हात सगळं स्वच्छ, आणि मानेवर चेहऱ्याच्या जागी वाफ धरलेल्या काचेसारखं काहीतरी. मास्तरीणबाईंनी मान हलवली की तो डाग अर्ध्या सेकंदानं मागून यायचा. त्यातून एक आवाज निघत होता, पिंपात तोंड घालून एखादा पुरुष बोलावा तसा. खाली अक्षरं आली, 'नाव बदलले आहे.' बदलून काय ठेवलंय, तेही नाही.

पहिलं मिनिट सगळे सहानुभूतीनं मान हलवत होते. मग डाग खाली वाकला, आणि वरून एक खडूचं टोक बाहेर आलं. मास्तरीणबाई निळा खडू नेहमी उजव्या कानावर ठेवतात. तो धुक्यात मावला नव्हता.

"अरे," न्यायाधीश मोठ्यानं म्हणाले, "ही तर आपली मास्तरीण."

ऐंशी वर्षांच्या, अर्धवट ऐकू येणाऱ्या माणसाला एका मिनिटात ओळख पटली. मग एकेक मान मागे वळली. सत्तरच्या सत्तर लोक तिसऱ्या रांगेतल्या निळ्या कोटाकडे बघत होते आणि पडद्यावरचा डाग एकटाच बोलत होता. अकरा नंबरची गोष्ट त्यात होती, पण तिचा नंबर नव्हता, आणि बारा नंबरही नव्हता. पिंपातला आवाज म्हणाला, "तिथे एक मैत्रीण होती." संपलं. चोरखिसा तर कापूनच टाकला होता. त्याऐवजी समुद्र होता.

मास्तरीणबाई उभ्या राहिल्या. पडद्याचा उजेड त्यांच्या चेहऱ्यावर पडला होता. त्या मापाच्या आवाजात म्हणाल्या, "थांबवा ते."

थांबवलं.

"माझा चेहरा कुठे आहे?"

हळूबाई पुढे आली, मान कललेली. "ताई, आपण नंतर निवांत बोलू या का? तुमच्याच इच्छेनुसार केलंय सगळं."

"माझी इच्छा मी ओरडून सांगितली होती."

हळूबाईनं पिशवीतून फॉर्म काढला. मी तो तिच्या हातून घेतला. अटींच्या रकान्यात, लग्नपत्रिकेच्या अक्षरात, शेपटीला गोल गाठी मारून लिहिलं होतं, 'चेहरा झाकावा. आवाज बदलावा. नंबर वगळावा.' खाली सही. तीच झोकदार, प्राचार्यांची.

मी ग्रंथपाल आहे. कागद वाचणं हा माझा धंदा आहे. त्या दुपारी तो कागद माझ्यापासून चार हातांवर होता आणि मी तो वाचला नव्हता.

"तू तिथेच उभी होतीस," मी हळूबाईला म्हणालो. सभागृहात इतक्या मोठ्यानं मी आयुष्यात बोललो नव्हतो. माझ्याच डोक्यावर 'शांतता राखा' लटकत होतं. "त्या काय म्हणाल्या ते तू ऐकलं नाहीस?"

"ऐकलं ना," ती म्हणाली. "पण शेवटी लेखी असतं तेच धरावं लागतं. आणि अशा केसमध्ये घरच्यांना जास्त कळतं. विषय खूप संवेदनशील आहे, काका."

दोन दिवस तिनं त्या बाईला हजार गोष्टी विचारल्या. झोप कशी गेली, पाळणे किती पाहिले, लोकांनी धरलं तेव्हा कसं वाटलं, रडू आलं का, का नाही आलं. आतड्यापर्यंत हात घालून विचारलं. पण 'तुमचा चेहरा दाखवू का' हा एक प्रश्न तिला नवऱ्याला विचारावासा वाटला. संवेदनशील म्हणे. चोराचा चेहरा झाकतात तो चोराच्या सोयीसाठी. इथे बाई ओरडून सांगते, मी चोर नाही, माझं तोंड उघडं ठेवा, आणि हे लोक तिच्या तोंडावर बोळा फिरवून वर तिलाच म्हणतात, तुमच्याच भल्यासाठी. मला आजही तो डाग आठवला की हातातला चहा कडू होतो.

मास्तरीणबाईंनी हळूबाईकडे पुन्हा पाहिलं नाही. त्या शेजारच्या खुर्चीकडे वळल्या.

"अहो, मी काय सांगितलं होतं?"

"दाखवायचा," वहीवाले म्हणाले.

"आणि लिहिलंत काय?"

"झाकावा," ते खाली बघत म्हणाले.

"का?"

"लोक बोलतील. गिऱ्हाईक तुटेल. तुलाच त्रास होईल, म्हणून." त्यांचा आवाज फाटला. "तेव्हासुद्धा मीच झाकलं म्हणून तर तू इथे उजळ माथ्यानं बसतेस."

"उजळ माथा? तिथे बघा पडद्यावर, किती उजळ आहे तो."

"अगं, लोकांना कळू नये म्हणून..."

"हे लोक बघा. सगळे. मी स्वतः घरोघर जाऊन सांगितलं म्हणून आलेत. ज्यांच्यापासून तुम्ही लपवलंत त्या सगळ्यांनी ओळखलं. जिनं ओळखायला हवं होतं ती एकटी ओळखणार नाही. असं कसं हो झाकलंत तुम्ही?"

बावीस वर्षांत वहीवाल्यांनी सांगितलेलं माप एकदाच चुकवलं होतं, आणि तो कपडा आता उसवता येणार नव्हता. हळूबाई म्हणाली, पुढच्या आवृत्तीत बघू. माहितीपट आधीच गावोगाव पाठवला होता. नंतर त्याला एक बक्षीसही मिळालं. बातमीत हळूबाईचा फोटो होता. चेहरा अगदी स्पष्ट आला होता.

गिऱ्हाईक तुटलं नाही. उलट वाढलं. चार बायका अशा आल्या की ज्यांना काही शिवायचं नव्हतं. एक तर नुसतं रीळ हातात धरून तासभर बसली आणि जाताना म्हणाली, माझ्या बहिणीलाही असंच झालं होतं, आम्ही कोणाला सांगितलं नाही. आणि मी फक्त एवढंच म्हणतो की याचं श्रेय कोणत्याही माहितीपटानं घेऊ नये.

घरात मात्र बोलणं थांबलं होतं. महिनाभरानं एक दिवस वहीवाले दुकानातून उठले आणि मास्तरीणबाईंना म्हणाले, "चल." त्यांना घेऊन ते फोटोच्या स्टुडिओत गेले. तिथे फोटोवाल्याला म्हणाले, "चेहरा नीट दिसू दे." त्या फोटोच्या प्रती काढून त्यांनी पत्रं लिहिली, मिळेल त्या प्रत्येक संस्थेला, आश्रमाला, इस्पितळाला. पत्ते मी वाचनालयातून काढून दिले. प्रत्येक पत्र हातानं, त्याच अक्षरात. 'सोबतचा फोटो बारा नंबरचा आहे. गाऊनला आतून चोरखिसा ठेवणारी अकरा नंबर आपल्याकडे असल्यास कृपया तिला दाखवावा.' मी एक पत्र वाचून पाहिलं. या खेपेस वाचलं. त्यात खोटं काही नव्हतं.

तीन महिने उत्तरं आली नाहीत, किंवा 'नातं कळवावे' अशी आली. मग बसनं चार तासांवरच्या एका संस्थेतून तिथल्या परिचारिकेचं पत्र आलं. अकरा नंबर शेवटची चौदा वर्षं त्यांच्याकडे होती. तिथे शिवणखोली तीच सांभाळायची. माहितीपट त्यांच्या हॉलमध्ये दाखवला तेव्हा ती पहिल्या रांगेत बसली होती. पडद्यावरची बाई मशिनवर बसलेली बघून ती म्हणाली, हिचा हात चांगला आहे, कोणाकडे शिकली? परिचारिकेनं सांगितलं, ते नाही कळणार, चेहरा झाकलाय. अकरा नंबर म्हणाली, असेल बिचारीची काही अडचण. पुढच्या महिन्यात ती न्यूमोनियानं गेली. पत्र आणि फोटो पोचले तेव्हा सहा आठवडे होऊन गेले होते.

पत्र मास्तरीणबाईंनी उभ्या उभ्या वाचलं आणि वहीवाल्यांच्या टेबलावर ठेवलं. "वाचा," त्या म्हणाल्या. "मोठ्यानं."

त्यांनी वाचलं. गिरणी बंद होती. गल्लीला सगळं ऐकू गेलं.

दुसऱ्या दिवशी त्या एकट्या त्या संस्थेत गेल्या. तिथेही एक खिडकी होती आणि खिडकीत एक माणूस होता. सामान न्यायचं तर नातं काय, त्यानं विचारलं. त्यांनी त्याच्या हातातलं पेन घेतलं आणि रकान्यात स्वतः लिहिलं, 'विद्यार्थिनी'. त्यानं काही हरकत घेतली नाही. माणूस जिवंत असताना नातं लागतं, मेल्यावर काहीही चालतं.

सामान म्हणजे एक गाऊन. डाव्या शिवणीत चोरखिसा होता. तो रिकामा होता.

भिंतीवरचं प्रमाणपत्र अजून तिथेच आहे. वहीवाले अजून मागच्या टेबलाशी बसतात, काजं करतात, बटणं लावतात. वही आता पुढे असते. मास्तरीणबाई माप घेतात आणि स्वतःच लिहितात, त्यामुळे ओरडायची गरज पडत नाही.

मागच्या महिन्यात मी कोट सैल करून घेतला. माझी कंबर आता चव्वेचाळीस आहे. गल्लीत हे कोणालाही माहीत नाही.